अहवाल आणि आत्मवृत्त

मागल्या महिन्यात अंबत्तूरला आम्हा काही मराठी कुटुंबांची वाचनबैठक भरली, तेव्हा मेजावर दोन पुस्तके शेजारी शेजारी ठेवलेली होती. एक दामोदर हरी चापेकर यांचे आत्मवृत्त. दुसरे, १९१८ साली हिंदुस्थान सरकारला सादर झालेला राजद्रोह समितीचा इंग्रजी अहवाल. अध्यक्षाच्या नावावरून त्याला रौलट अहवाल म्हणण्याचा प्रघात पडला आहे. दोहोंतही २२ जून १८९७ ची रात्र आहे. दोहोंतही गणेशखिंडीचा रस्ता, राणीच्या हीरक महोत्सवाहून परतणाऱ्या घोडागाड्या आणि पिस्तुलांचे आवाज आहेत. नुकतेच इकडे बदलून आलेले एक तरुण अधिकारी दोन्ही पुस्तके चाळून म्हणाले, “एकात ती धर्मवीराची कथा आहे, दुसऱ्यात गुन्हेगाराची. आपण कोणत्या बाजूने वाचायचे?”

बैठकीत या प्रश्नाचे समाधानकारक उत्तर निघाले नाही. घरी परतताना मात्र तो मनातून जाईना, म्हणून हा लेख.

वाङ्मयाच्या मासिकात असल्या विषयाला जागा असावी काय, अशी शंका काही वाचकांस येईल. परंतु राजकीय खून किंवा स्फोट ही गोष्ट आपल्यापैकी फार थोड्यांनी प्रत्यक्ष पाहिलेली असते. ती आपल्यापर्यंत पोहोचते ती लेखी स्वरूपात : जबाब, निकालपत्र, अहवाल, आत्मचरित्र. मग लेखनाला लावावयाच्या कसोट्या येथे का लावू नयेत? शिवाय, या मासिकाच्या वाचकांपैकी बहुतेकांचा रोजचा वाङ्मयप्रकार कविता नव्हे, कथाही नव्हे. तो अहवालच आहे. आपण ज्या प्रकारात आयुष्यभर लिहितो, त्याचे गुणदोष एकदा बारकाईने पाहिले तर वावगे होणार नाही.

प्रथम अहवाल घेऊ. १० डिसेंबर १९१७ रोजी ही समिती नेमली गेली. न्यायमूर्ती रौलट अध्यक्ष. सभासदांत मुंबईचे मुख्य न्यायाधीश सर बेझिल स्कॉट, संयुक्त प्रांताचे लव्हेट, बंगालचे प्रभासचंद्र मित्र आणि मद्रास हायकोर्टाचे न्यायाधीश कुमारस्वामी शास्त्री होते. म्हणजे ज्या शहराच्या वेशीवर आपण राहतो त्या शहराचा एक विद्वान न्यायाधीशही या लेखनाचा भागीदार होता. समितीची कामे बंद दारांआड चालली आणि चारपाच महिन्यांत अहवाल तयार झाला. लेखन म्हणून त्याची योग्यता मान्य केली पाहिजे. भाषा संयत आहे, प्रकरणांची मांडणी रेखीव आहे, आणि आरडाओरड कोठेही नाही. प्रांतामागून प्रांत घेत, सालामागून साल मांडीत तो वाचकाला पुढे नेतो. पहिला मान मुंबई इलाख्याचा. म्हणजे अर्थात् पुण्याचा.

पण या रेखीवपणातच त्याचा दोष दडलेला आहे. समितीला दोनच गोष्टी विचारल्या होत्या : क्रांतिकारक कटांचे स्वरूप व विस्तार काय, आणि त्यांच्याशी मुकाबला करण्यास कोणता कायदा हवा. ‘का?’ हा प्रश्न कार्यकक्षेत नव्हताच. प्रश्नच जेथे गाळला, तेथे उत्तराची जागा अनुक्रमाने भरून काढली जाते. आधी गणेशोत्सव, मग शिवाजी उत्सव, मग १५ जून १८९७ च्या ‘केसरी’तील मजकूर, आणि एका आठवड्याने रँडवर गोळी. एकापुढे एक अशा या गोष्टी मांडल्या की पहिलीतून दुसरी जन्मली असे वाचकाला आपोआप वाटू लागते. लेखकाने तसे म्हटले पाहिजे असे नाही. कथालेखनातली ही जुनीच युक्ती आहे. अहवालात मात्र ती ओळखू येत नाही, कारण अहवालाला आपण कथा समजत नाही.

प्लेगच्या झडत्यांचा उल्लेख अहवालात नाही असे नव्हे. झडत्यांमुळे लोक बिथरले होते, हे तो सांगतो. परंतु नाटकात पडदा रंगवावा तसा तो उल्लेख येतो, आणि पात्रे पुढे आली की पडद्याकडे कोणी बघत नाही. प्रत्यक्षात काय घडले होते? ४ फेब्रुवारी १८९७ रोजी साथीच्या रोगांचा कायदा झाला. हा कायदा इतका आटोपशीर आणि इतका व्यापक की २०२० सालच्या साथीतही सरकारने तोच हाती घेतला. त्याच्या आधारे पुण्यात प्लेग समिती आली आणि रँड साहेब तिचे अध्यक्ष झाले. मार्चच्या मध्यापासून मेच्या मध्यापर्यंत गोऱ्या शिपायांच्या तुकड्या घरोघर शिरत होत्या. रोगी हुडकून इस्पितळात न्यावयाचा, त्याच्या घरच्यांना छावणीत पाठवावयाचे, घरातील सामान जाळावयाचे किंवा धुवून काढावयाचे. हेतू रोग हटविण्याचा होता, याविषयी शंका घेण्याचे कारण नाही. पण परक्या शिपायाने बुटांसह देवघरात आणि माजघरात पाऊल टाकणे म्हणजे काय, हे रँडसारख्या कर्तव्यकठोर माणसाच्या हिशेबात बसले नाही.

आता आत्मवृत्ताकडे वळू. दामोदरने ते येरवड्याच्या तुरुंगात लिहिले. १८ एप्रिल १८९८ रोजी त्याला फाशी झाली आणि लेखन सरकारी दप्तरात जाऊन पडले. स्वातंत्र्योत्तर काळात वि. गो. खोबरेकर यांनी ते संपादून मराठी वाचकांपुढे आणले. चिंचवडच्या कीर्तनकाराच्या घरातला हा मुलगा, आणि प्रसंगामागून प्रसंग रंगवून सांगण्याची त्याची हातोटी त्या घराचीच आहे. आढेवेढे नाहीत, पश्चात्ताप नाही. मरणाच्या दारात बसून माणूस इतक्या निवांतपणे गोष्ट सांगतो, याने वाचक प्रथम भारावून जातो.

तथापि भारावलेपण ओसरल्यावर पुन्हा वाचले की एक वेगळीच गोष्ट ध्यानात येते. शाळेच्या पुस्तकांतून आपण शिकलो ते असे : प्लेगच्या जुलमाने पेटलेल्या तरुणाने जुलमी अधिकाऱ्याला मारले. आत्मवृत्तातला दामोदर प्लेगच्या पुष्कळ आधी पेटलेला आहे. सैन्यात शिरण्याची त्याची धडपड फसली आहे. मुले जमवून लष्करी कवायतीचे मंडळ काढण्याचे त्याचे बेत मोडले आहेत. मुंबईत राणीच्या पुतळ्याला त्याने डांबर फासले आहे. आणि त्याचा संताप केवळ इंग्रजांवर नाही. सुधारकांवर, भाषणे करणाऱ्या पुढाऱ्यांवर, धर्म सोडणाऱ्यांवर तो तितकाच आहे. सुधारकांना मारहाण केल्याची हकीकत तो अभिमानाने देतो. प्लेगच्या झडत्यांनी हा संताप निर्माण केला नाही. त्याला लक्ष्य मिळवून दिले, आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे, शहराची मूक सहानुभूती मिळवून दिली.

म्हणजे आत्मवृत्त दोघांनाही अडचणीत आणते. वृत्तपत्रांनी त्याला बिघडविले हे अहवालाचे म्हणणे ते टिकू देत नाही, कारण वृत्तपत्री देशभक्तीचा तो उपहासच करतो. जुलमाने त्याला घडविले ही आपली लाडकी समजूतही ते टिकू देत नाही. आणि त्याला जे नाव दिले गेले, तेही बसत नाही. पुढे १९१९ साली जो कायदा झाला त्याच्या नावातच ‘अराजक’ हा शब्द होता. दामोदरला राज्य नको नव्हते. त्याला स्वतःच्या धर्माचे, स्वतःच्या शिस्तीचे राज्य हवे होते. ज्याचे निदान करावयाचे त्याचे नावच चुकले, तर औषध काय लागू पडणार?

या आत्मवृत्तातील सर्वांत मोठी उणीव मात्र नैतिक आहे, आणि ती लेखनातही उतरली आहे. त्यात समोरचा माणूस दिसत नाही. त्या रात्री मागच्या गाडीत लेफ्टनंट आयर्स्ट आपल्या पत्नीशेजारी बसला होता. तो जागीच मेला. रँड ३ जुलैपर्यंत जगला. या मरणांना आत्मवृत्तात वजन नाही. ही दृष्टी किती लवकर घराकडे वळते पाहा : ८ फेब्रुवारी १८९९ रोजी वासुदेव चापेकर आणि महादेव रानडे यांनी ज्या द्रविड बंधूंना गोळ्या घातल्या ते इंग्रज नव्हते. ते पुण्याचेच, ओळखीचे होते. त्यांनी सरकारला खबर दिली होती. त्या मे महिन्यात वासुदेव, रानडे आणि बाळकृष्ण हे तिघे चार दिवसांच्या अंतराने फाशी गेले. एका आईचे तीन मुलगे गेले, हे आपण नेहमी सांगतो आणि सांगावे. पण द्रविडांच्या घरीही आई असेल, हे सांगावयाचे आपण विसरतो.

अहवाल आणि आत्मवृत्त यांच्या मध्ये एक तिसरा मजकूर आहे आणि मला तो सर्वांत बोलका वाटतो. १८९७ साली गोपाळ कृष्ण गोखले विलायतेत होते. पुण्याहून आलेल्या पत्रांवर विसंबून त्यांनी शिपायांनी स्त्रियांची विटंबना केल्याचे आरोप तेथे प्रसिद्ध केले. परत आल्यावर पुरावा मागितला गेला. पत्रे लिहिणारे पुढे यावयास धजेनात, आणि त्यांची नावे उघड करणे गोखल्यांना शक्य नव्हते. अखेर त्यांनी बिनशर्त माफी मागितली. या माफीबद्दल त्यांची खूप हेटाळणी झाली. पण त्या माफीपत्रकाकडे दस्तऐवज म्हणून पाहा. सनदशीर मार्गाने तक्रार नेणारा एकच दरवाजा होता. तो असा बंद झाला. जे सांगावयाचे ते सिद्ध करता येत नाही, आणि सिद्ध करावयास पुढे यावे तर शासनाची भीती वाटते, अशा वेळी शहर गप्प बसते. गप्प बसलेल्या शहरात दोनच आवाज ऐकू येतात, पिस्तुलाचा आणि सरकारचा.

सरकारचा आवाज कसा होता? २०,००० रुपयांचे बक्षीस लागले, हे ठीकच. खुनी शोधणे हे सरकारचे कामच आहे. पण तेवढ्यावर ते थांबले नाही. पुण्यावर जादा पोलीस बसवून त्यांचा खर्च शहराच्या माथी मारला. नातू बंधूंना १८२७ च्या २५ व्या रेग्युलेशनखाली चौकशीवाचून अटकेत ठेवले. टिळकांवर खुनाचा आरोप नव्हता आणि असणे शक्यही नव्हते; त्यांना राजद्रोहाखाली १८ महिन्यांची शिक्षा झाली. ज्यूरीतील सहा युरोपियन एका बाजूला आणि तीन हिंदी दुसऱ्या बाजूला, असा तो निकाल. न्यायमूर्ती स्ट्रेची यांनी ‘अप्रीती’ याचा अर्थ प्रीतीचा अभाव असा लावला, आणि पुढल्याच वर्षी १२४ अ हे कलम आणखी रुंद करण्यात आले. खून करणारे चारपाच होते. सरकारवर प्रीती नसलेले लाखो होते. दोघांना एकाच जाळ्यात ओढल्याने चारपाचांची संख्या कमी झाली नाही, लाखोंची नाराजी मात्र वाढली.

याउलट जे खरोखर उपयोगी पडले त्याची नोंद पाहा. पुढील काळात प्लेगविषयीची सक्ती हळूहळू सैल करण्यात आली, लोकांच्या चालीरीतींचा विचार होऊ लागला आणि तेवढ्या अंशाने क्षोभ निवळला. ही सरकारचीच कृती, आणि शहाणपणाची. परंतु ती आरोग्यखात्याच्या दप्तरात राहिली. कटांच्या अहवालात तिला स्थान मिळाले नाही. कारण ‘उपाय’ म्हटला की तो कायद्याचाच असावयाचा, हे आधीच ठरले होते.

हा केवळ पुण्याचा विशेष नव्हता, हे पटण्यास आपल्याला दूर जावयास नको. आपण ज्या प्रांतात राहतो त्याच्याच दक्षिण टोकाला, मणियाच्ची जंक्शनवर, १७ जून १९११ रोजी तिरुनेलवेलीचा कलेक्टर ॲश याला वांची अय्यर याने आगगाडीच्या डब्यात गोळी घातली आणि लगेच स्वतःवर पिस्तूल झाडले. यामागेही एक हकीकत होती. व. उ. चिदंबरम पिळ्ळै यांनी १९०६ साली तुतिकोरीनहून स्वदेशी आगबोटी सुरू केल्या. १९०८ साली त्यांना अटक होताच तिरुनेलवेलीत दंगल उसळली, गोळीबार झाला, आणि चिदंबरम यांना दोन जन्मठेपी झाल्या. त्या अपिलात कमी झाल्या, पण कंपनी बुडाली. वांचीच्या खिशात सापडलेली तमिळ चिठ्ठी मात्र या आगबोटींविषयी बोलत नाही. ती म्लेंच्छांविषयी, धर्मरक्षणाविषयी आणि बादशहाला मारण्याच्या शपथेविषयी बोलते, आणि बादशहाला हिणवताना जातीचा तिरस्कारही तीत उमटतो. दामोदरच्या लेखनाशी तिचे साम्य पाहून आश्चर्य वाटते. दोन भाषा, दोन प्रांत, मधे चौदा वर्षांचे अंतर. पण लोकांचे गाऱ्हाणे एक आणि हातात पिस्तूल घेणाऱ्याचे शब्द दुसरेच, हा प्रकार दोन्हीकडे सारखा. म्हणून नुसती चिठ्ठी वाचून गाऱ्हाणे समजत नाही, आणि नुसते गाऱ्हाणे सांगून चिठ्ठीचे समर्थन होत नाही.

मधल्या काळात नाशिकला हेच घडले होते. काही कवितांच्या पुस्तिकेबद्दल बाबाराव सावरकरांना १९०९ च्या जूनमध्ये जन्मठेप झाली. डिसेंबरच्या २१ तारखेला विजयानंद नाट्यगृहात, ‘शारदा’ नाटकाच्या वेळी, अनंत कान्हेरेने कलेक्टर जॅक्सनला ठार केले. जॅक्सन संस्कृतचे जाणकार आणि लोकांत मिसळणारे अधिकारी होते. कवितेला काळ्या पाण्याची शिक्षा, आणि तिच्या बदल्यात एका विद्याव्यासंगी माणसाचा जीव. यातील कोणता हिशेब बरोबर म्हणावयाचा?

रौलट अहवालाचे फळ सर्वांना ठाऊक आहे. मार्च १९१९ मध्ये, हिंदी बिनसरकारी सभासदांचा विरोध मोडून, कायदा झाला : ज्यूरीवाचून खटले, अपील नाही, नुसत्या संशयावरून स्थानबद्धता. त्या विरोधात व्ही. एस. श्रीनिवास शास्त्री यांचे विधिमंडळातील भाषण गाजले. आणि गांधीजींना देशव्यापी हरताळाची कल्पना सुचली ती मद्रासला राजगोपालाचारींकडे मुक्कामाला असताना, हे त्यांनीच आपल्या आत्मकथेत लिहिले आहे. पुढे १३ एप्रिलला जालियनवाला बाग झाली. गंमत अशी, की ज्या कायद्यापायी हे सारे झाले तो कायदा एकदाही वापरला गेला नाही. १९२१ साली तेजबहादूर सप्रू यांच्या समितीने दडपशाहीचे कायदे तपासले आणि १९२२ मध्ये रौलट कायदा रद्द झाला. सप्रूंचा अहवाल रौलटच्या अहवालाइतका कोणी वाचीत नाही. स्वतःची चूक दुरुस्त करणारे सरकारी लेखन विरळ, आणि म्हणूनच ते जपून ठेवण्यासारखे असते.

हे सारे परक्या राज्याचे झाले, आता राज्य आपले आहे, असे कोणी म्हणेल. ते खरे आहे, आणि फरक मोठा आहे. मतपेटी असताना पिस्तुलाला उरलीसुरली सबबही उरत नाही. पण लिहिणाऱ्याच्या हातून होणारी चूक राज्य बदलल्याने बदलते काय? अंबत्तूरहून श्रीपेरुंबुदूर फार लांब नाही. २१ मे १९९१ च्या रात्री तेथे राजीव गांधी आणि त्यांच्यासोबत इतर अनेक जण मारले गेले. कट परदेशी संघटनेचा होता, पण आरोपींत येथलीही माणसे होती. टाडा कायद्याखाली खटला चालला. त्यात पोलीस अधिकाऱ्यापुढे दिलेला कबुलीजबाब पुरावा म्हणून चालत असे. २८ जानेवारी १९९८ रोजी विशेष न्यायालयाने सर्वच्या सर्व २६ आरोपींना फाशी सुनावली. ११ मे १९९९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने, या खुनाला टाडाखालचे दहशतवादी कृत्य म्हणता येत नाही असे ठरवून, चौघांची फाशी कायम केली, तिघांना जन्मठेप दिली आणि १९ जणांना सोडले. २६ चे सात झाले. उरलेल्या सातांचीही २०२२ साली सुटका झाली.

या सातांत एक जण अटकेच्या वेळी १९ वर्षांचा होता. त्याने बॅटऱ्या आणून दिल्या होत्या, असा त्याचा कबुलीजबाब. २०१३ साली, तो जबाब लिहून घेणाऱ्या निवृत्त अधिकाऱ्याने जाहीरपणे सांगितले, की त्या बॅटऱ्या कशासाठी हव्या होत्या हे आपल्याला ठाऊक नव्हते, असेही तो तरुण म्हणाला होता. ते वाक्य आपण लिहून घेतले नाही. अधिकाऱ्याने हे कबूल केले, यात त्याचा मोठेपणा आहे. पण त्या न लिहिलेल्या वाक्याने मधल्या काळात काय केले, ते वाचकांनी मनाशी मोजावे.

दामोदर चापेकरनेही आपल्या आत्मवृत्तातून काही गाळले : आयर्स्टची पत्नी, आणि आपल्याहून वेगळे मत धरणाऱ्याचा जगण्याचा हक्क. रौलट समितीने गाळले ते ‘का?’ हे अक्षर. दोघांनीही जे लिहिले त्यात पुष्कळ खरे आहे; खोटेपणा शिरला तो गाळलेल्या जागेतून. म्हणून आमच्या त्या तरुण अधिकारी मित्रांना माझे उत्तर असे आहे : कोणत्याही पुस्तकाच्या बाजूने वाचू नका; जे लिहिले गेले नाही ते शोधीत वाचा. खुनाला खून म्हणा, त्यात कमीजास्त करू नका. त्यासाठी गुन्हेगाराला शिक्षा व्हावी आणि त्याच्या गुन्ह्यापुरतीच व्हावी. पण त्याने ज्या गाऱ्हाण्याचा आडोसा घेतला ते गाऱ्हाणे स्वतंत्रपणे तपासा, कारण ते त्याच्या एकट्याचे नसते. दोन्ही गोष्टी एकाच कागदावर मावत नसतील तर दुसरा कागद घ्या.

१२४ अ हे कलम १ जुलै २०२४ पासून पुस्तकातून गेले आहे. त्याच्या जागी नव्या संहितेत नवे शब्द आले आहेत, आणि त्यांचा अर्थ लावणारे निकाल, त्यांच्याखाली पाठवावयाचे अहवाल यापुढे लिहिले जातील. त्यांतले काही आपल्यापैकीच कोणी, घरापासून दूर, परक्या भाषेच्या गावात बसून लिहिणार आहेत. समोर बसलेला माणूस जे सांगेल ते सगळे त्यांनी उतरून घ्यावे. गैरसोयीचे वाटले तरी.